लाईट जाण्याआधी उतरवून ठेवा: डिस्ट्रिब्युटेड कम्प्युटिंगचं वाचन

गावात रेंज आणि लाईट दोन्हींचा भरवसा नाही, म्हणून डिस्ट्रिब्युटेड कम्प्युटिंग, म्हणजे अनेक संगणकांनी एकमेकांना निरोप पाठवत मिळून काम करणं, यावरच्या पीडीएफ तालुक्याला गेलात की मोबाईलमध्ये उतरवून घ्या. व्हॅन स्टीन व टॅनेनबाउम यांचं ‘डिस्ट्रिब्युटेड सिस्टिम्स’ हे पुस्तक लेखकांच्या संकेतस्थळावर वैयक्तिक वापरासाठी फुकट मिळतं. ते पहिल्या पानापासून वाचू नका. आधी कम्युनिकेशनचं (निरोपांची देवाणघेवाण) प्रकरण, मग कोऑर्डिनेशनचं (कामांचा मेळ).

कोऑर्डिनेशनसोबत संगणकशास्त्रज्ञ लॅम्पोर्टचा 1978चा घड्याळांवरचा निबंध घ्या. इथलं घड्याळ म्हणजे घटनांचा क्रम लावणारा, प्रत्येक घटनेला वाढणारा आकडा. तो कागद-पेन्सिलीशिवाय कळत नाही. तीन उभ्या रेघा म्हणजे तीन संगणक, तिरपे बाण म्हणजे निरोप. आपलं घड्याळ 4 आणि आलेल्या निरोपावर 7 असेल, तर दोन्हींतला मोठा आकडा घेऊन एक वाढवायचा: नवी वेळ 8. बहुतेक जण इथे 5 लिहितात. मग निरोप पाठवण्याआधीच पोचल्यासारखा दिसतो.

त्यानंतर राफ्टचा निबंध (2014). राफ्ट म्हणजे अनेक संगणकांचं बहुमताने एकमत करण्याची पद्धत. पाच संगणकांत बहुमत तिघांचं, म्हणून दोन बंद पडले तरी चालतं. चारांतही तिघेच लागतात, म्हणजे तिघांच्या गटासारखाच एकच बंद पडलेला चालतो; चौथ्याचा खर्च वाया. उत्तर आलं नाही म्हणजे समोरचा मेला असं नव्हे; वावरात गेलेल्या माणसाचा फोन लागत नाही, तसंच ते. राफ्टचं टाइमआउट (उत्तराची वाट पाहण्याची मुदत) याच अडचणीभोवती फिरतं.

ग्रिडसाठी (विजेचं नव्हे, वेगवेगळ्या संस्थांचे संगणक जोडून वापरण्याचं) फॉस्टर, केसेलमन आणि ट्युकी यांचा 2001चा ‘अ‍ॅनाटॉमी ऑफ द ग्रिड’ हा निबंध पुरे. ग्लोबस टूलकिट हे ग्रिडचं सॉफ्टवेअर बसवण्याच्या जुन्या मार्गदर्शिका मात्र सोडा. त्याचा सपोर्ट 2018मध्येच थांबला.