टोकियोत अर्धा दिवस ट्रामने, गाईडसोबत

आमच्या बेळगावातल्या अनगोळच्या भिशीतल्या चौघींची मुलं नोकरीनिमित्त जपानला आहेत. वर्षातून एकदोघी तरी तिकडे जायला निघतात आणि मला फोन येतो, "काकू, ते ट्रामचं तुम्ही कसं केलासा ओ?" फोनवर निम्मं राहून जातं. म्हणून एकदा सगळं लिहून काढते.

आम्ही गेलो ते नोव्हेंबरच्या शेवटी. पहिल्याच रविवारी मुलाने आम्हा दोघांना एका कंपनीच्या मोठ्या बसने शहर बघायला पाठवलं. एका दिवसात सात ठिकाणं. उतरा, फोटो काढा, चढा. रात्री फोटो बघत बसलो तर कुठलं देऊळ कुठलं, ते दोघांनाही सांगता येईना. फार हळहळ वाटली. बेळगावच्या सांबरा विमानतळावरून निघून विमानं बदलत इतक्या लांब गेलेलो, पोराने एवढे पैसे घातलेले, आणि ध्यानात काय राहिलं तर बस लावायची मैदानं. त्याच रात्री ठरवलं, पुढच्या वेळी एकच मार्ग धरायचा, तीनच ठिकाणं बघायची, गावची माणसं ज्या गाडीने जातात त्याच गाडीने जायचं आणि सांगणारं कुणीतरी सोबत घ्यायचं. ती सकाळ इतकी छान गेली की तिकडे जाणाऱ्या प्रत्येकीने अशी एक तरी सकाळ काढावी, असं मला मनापासून वाटतं.

मार्ग म्हणजे 'टोकियो साकुरा ट्राम'. अधिकृत नाव तोदेन अराकावा लाइन. एकेकाळी टोकियोभर ट्रामचं जाळं होतं. मोटारी वाढल्या तसे १९७२ पर्यंत बाकीचे मार्ग बंद झाले आणि सरकारी ट्रामचा हा एकच उरला. मिनोवाबाशी ते वासेदा, १२ किलोमीटरच्या थोडं वर, ३० थांबे. एकच डबा असतो. घंटीच्या आवाजावरून तिथले लोक तिला 'चिन-चिन देन्शा' म्हणतात. मोठ्या आगगाड्या वरून पुलावरून धावतात. ही मात्र घरांच्या मागच्या अंगाने, वाळत घातलेल्या कपड्यांच्या आणि कुंड्यांच्या शेजारून जाते. कुणाच्या परसातून चाललोय असंच वाटतं.

पाटी वाचता येत नाही म्हणून घाबरू नका. आपल्याकडे कन्नड न वाचणारी बाईमाणसं कंडक्टरच्या हाकेवर आयुष्यभर बरोबर थांब्याला उतरत आलीच की. ट्राममध्ये कंडक्टर नाही, एकटा ड्रायव्हर असतो. हाकेचं काम तिथे नंबर करतो. प्रत्येक थांब्याला एसए ०१ ते एसए ३० असा नंबर आहे. आपल्याला पाच नंबर पुरतात, ते वहीत लिहून घ्या: ओत्सुका २३, किशिबोजिन-माए २७, कोशिनझुका २१, आसुकायामा १७, ओजी १६. ओत्सुकाला यामानोते लाइन या रेल्वेने यायचं, तिथल्या स्टेशनाचा नंबर जेवाय १२. यामानोते गोल फिरते, त्यामुळे उलट्या दिशेच्या गाडीत बसलात तरी तासाभरात फिरून तिथेच याल.

आता गाईडचं. जपानमध्ये गावोगावी स्वयंसेवक गाईडांचे गट आहेत, 'गुडविल गाईड' म्हणतात त्यांना. बरेचसे निवृत्त लोक, गृहिणी, कॉलेजची मुलं. जपानच्या राष्ट्रीय पर्यटन संस्थेकडे शहरावार यादी मिळते. फिरवण्याची फी नसते. पण त्यांचं गाडीभाडं, कुठे प्रवेशाचं तिकीट असेल तर ते, आणि जेवणाची वेळ झाली तर जेवण आपण द्यायचं. ही गोष्ट आधीच कबूल करून टाका, म्हणजे दोन्हीकडे संकोच राहत नाही. निदान दोनतीन आठवडे आधी कळवा. अर्जात तारीख, वेळ, किती माणसं आणि इंग्रजी कितपत कळतं ते लिहा. मी आणखी तीन ओळी घातल्या होत्या: माझा उजवा गुडघा दुखतो, जिने कमी हवेत, आम्ही मासे-मटण खात नाही, आणि ठिकाणं तीनच हवीत. त्या तीन ओळींनी अख्खी सकाळ सुधारली. मराठी-हिंदीची आशा धरू नका, सोप्या इंग्रजीवर काम होतं. आमचे गाईड सत्तरीचे गृहस्थ होते. त्यांचं इंग्रजी शाळामास्तरांसारखं सावकाश, प्रत्येक शब्द सुटा. आम्हा दोघांना सगळं कळलं.

भेटायची वेळ साडेनऊ ठेवा. त्याच्या आधी ऑफिसची गर्दी असते, आणि हिवाळ्यात उशिरा निघालात तर अडचण होते, कारण नोव्हेंबरअखेर साडेचारला सूर्य मावळतो. दहा मिनिटं आधी पोचा. आम्ही पोचलो तर ते आधीच उभे, हातात कागद. कागदावर प्रत्येक ट्रामची वेळ आणि कुठे स्वच्छतागृह आहे ते मोठ्या अक्षरांत लिहिलेलं. घरच्या माणसाने करावी तशी काळजी त्यांनी केली होती.

तिकिटाचं नीट वाचा. ट्रामचं भाडं कितीही लांब जा, रोख १७० येन. दिवसभराचा पास ४०० येनला, ड्रायव्हरकडेच मिळतो. आपल्या फेरीत तीनदा चढायचं आहे, म्हणजे ५१० येन होतात, तेव्हा पासच घ्या. १०० येनचे साधारण ५० ते ६० रुपये धरा. जून २०२३ पासून कर्नाटकात आपल्या बायकांना सरकारी बस फुकट झाली आणि पर्समध्ये सुटे ठेवायची सवयच गेली. ती परत लावून घ्या, हजार येनच्या दोनतीन नोटा आणि चिल्लर जवळ हवीच. रेल्वेसाठी सुइका कार्ड, म्हणजे आधी पैसे भरून ठेवायचं कार्ड, सोयीचं पडतं. विमानतळावर पाहुण्यांसाठी 'वेलकम सुइका' मिळतं, २८ दिवस चालतं, पण उरलेले पैसे परत मिळत नाहीत. थोडेथोडेच भरा.

ट्राममध्ये पुढच्या दाराने चढायचं, चढतानाच पैसे द्यायचे, मागच्या दाराने उतरायचं. "इचिनिची-केन, ओनेगाई शिमास" म्हटलं की ड्रायव्हर दिवसाचा पास देतो. पुढच्या दोन वेळा तो पास दाखवायचा. पण क्योतोला गेलात तर सिटी बसमध्ये बरोबर उलटं आहे: मागून चढा, उतरताना पुढे पैसे द्या. मी तिथे पुढच्या दाराशी जाऊन उभी राहिले आणि उतरणारी सगळी रांग माझ्यासाठी थांबली. कुणी चकार शब्द बोललं नाही, पण मला लाजल्यासारखं झालं. म्हणून दोन्ही शहरांचं वेगवेगळं पाठ करून ठेवा. गाडीत फोनवर बोलायचं नाही, काही खायचं नाही, पाठीवरची पिशवी पुढे घ्यायची. कचऱ्याचे डबे रस्त्यात जवळजवळ नसतात, एक रिकामी पिशवी न्या.

पहिला टप्पा ओत्सुका ते किशिबोजिन-माए, चार थांबे. ड्रायव्हरच्या मागे उभं राहायला मिळालं तर सोडू नका. पांढरा हातमोजा घातलेला हात उचलून तो सिग्नलकडे बोट दाखवतो, तोंडाने काहीतरी म्हणतो आणि मगच गाडी हलवतो. एकट्याने, कुणी बघत नसतानाही, दर वेळी.

थांब्यावरून झाडांच्या ओळीतून पाचेक मिनिटं चाललं की किशिमोजिनचं देऊळ. इथे मला अगदी माहेरी आल्यासारखं वाटलं, आणि गाईड नसते तर त्यातलं काहीच कळलं नसतं. ही देवी म्हणजे आपली हारीती. मूळची राजगृहाची यक्षिणी. स्वतःला शेकडो पोरं, पण दुसऱ्यांची पोरं चोरून खायची. बुद्धाने तिचं सगळ्यात धाकटं बाळ भिक्षापात्राखाली लपवलं. ती वेड्यासारखी शोधत फिरली, तेव्हा त्याने विचारलं, इतक्यांतलं एक गेलं तर तुला हे होतं, मग त्या आयांचं काय? तेव्हापासून ती लेकरांची राखणदार झाली. अजिंठ्याच्या २ नंबरच्या लेण्यात तिची मूर्ती आहे. आपण पाचवीला सटवाई पुजतो, तसं तिथे बाळंतपण सुखरूप व्हावं आणि मूल वाढीला लागावं म्हणून या देवीकडे येतात. जपानी नावातलं पहिलं अक्षर 'राक्षस' या अर्थाचं आहे. गाईडनी आपल्या तळहातावर बोटाने ते अक्षर काढून दाखवलं. सगळ्यात वरचा छोटा फराटा त्यांनी काढलाच नाही. म्हणाले, या देवळात ते शिंग गाळून लिहितात, कारण तिने शिंगं टाकली. मी त्यांच्या तळहाताकडे बघतच राहिले.

मुख्य देऊळ १६६४ सालचं. आवारात शेकडो वर्षांचं गिंकोचं प्रचंड झाड आहे, आम्ही गेलो तेव्हा खाली सगळा पिवळा सडा पडला होता. त्याच आवारात पोरांच्या गोळ्या-खाऊचं एक लाकडी दुकान आहे, १७८१ पासूनचं, म्हणजे आपल्याकडे पेशवाई होती तेव्हाचं. नातवंडांसाठी तिथून घ्या. सुसुकी गवताचं घुबडही इथलं खास, वजनाला काहीच नाही.

इथे एक तास द्या, घाई करू नका. मग त्याच थांब्यावर येऊन उलट दिशेची ट्राम पकडायची, मिनोवाबाशीकडे जाणारी, आणि कोशिनझुकाला, २१ नंबरला उतरायचं.

तिथून सुगामोची बाजारपेठ सुरू होते, जिझो-दोरी. सपाट रस्ता, सगळी दुकानं वयस्कर माणसांसाठी: मऊ चपला, काठ्या, लोकरीचे बनियन, लोणची. लाल रंगाच्या आतल्या कपड्यांचं दुकानही आहे, लाल रंगाने अंगात ऊब आणि बळ राहतं अशी श्रद्धा. पाट्यांवरची अक्षरं मोठी. महिन्याच्या ४, १४ आणि २४ तारखेला इथे जत्रा भरते, रस्त्यावर पालं लागतात. गुडघे धड असतील तर त्याच तारखेला जा. माझ्यासारखं असेल तर ती तारीख टाळा.

बाजारात कोगान-जी देऊळ आहे, तोगेनुकी जिझोचं. जिझो म्हणजे क्षितिगर्भ बोधिसत्त्व, तोगेनुकी म्हणजे काटा काढणारा. कुण्या मोलकरणीने सुई गिळली, जिझोचं चित्र असलेला कागद पाण्यातून घेतला आणि सुई बाहेर पडली, अशी कथा. बाहेरच्या बाजूला कान्नोनची, म्हणजे अवलोकितेश्वराची, दगडी मूर्ती उघड्यावर उभी आहे. रांगेत उभं राहायचं, मूर्तीवर पाणी घालायचं आणि आपलं जे अंग दुखतं, मूर्तीचं तेच अंग पांढऱ्या फडक्याने पुसायचं. माझ्या पुढच्या आजींनी आधी खांदे पुसले, मग जरा थांबून डोळे पुसले, मग पुन्हा एकदा डोळे. मी गुडघा पुसला. दगड थंडगार आणि हात फिरून फिरून साबणासारखा गुळगुळीत झालेला. गाईडनी विचारलं नाही, मीही काही बोलले नाही, पण माझे डोळे भरून आले होते.

खाण्याचं. शिओ-दाइफुकु नावाची मिठाई इथे घ्याच. तांदळाच्या चिकट पिठाची पारी, आत गोड कडधान्याचं पुरण, वरून मिठाची किंचित चव. उकडीच्या मोदकाची लांबची बहीण म्हणा. जेवणाचं मात्र जपून. भाजीचं सूप, नूडल्स, डाळीसारखं दिसणारं काहीही असो, त्याच्या पाण्यात बहुतेक वेळा माशाचा अर्क असतो. 'दाशी' हा शब्द लक्षात ठेवा आणि गाईडना विचारायला सांगा. आम्ही घरून धपाटे आणि शेंगांची चटणी नेली होती.

ती पुढे आसुकायामाला बसून खाल्ली. कोशिनझुकाला परत यायचं, तिसऱ्यांदा ट्राम, १७ नंबरला उतरायचं. आठव्या शोगुनने (शोगुन म्हणजे तेव्हा जपानवर राज्य करणारा सेनापती), योशिमुनेने, १८व्या शतकात लोकांसाठी इथे चेरीची झाडं लावून घेतली, आणि १८७३ साली ही बाग सार्वजनिक झाली. बाकं भरपूर. जुनी ट्राम आणि वाफेचं इंजिन ठेवलंय, नातवंडं असतील तर अर्धा तास तिथेच जाईल. उतरताना पायऱ्या नकोत म्हणून ओजी स्टेशनच्या बाजूला लिफ्टसारखा एक छोटा फुकट डबा आहे, दोनेक मिनिटांत रुळावरून खाली आणतो. खाली लगेच रेल्वे स्टेशन. आमचे दोन वाजले होते.

निरोपाच्या वेळी पैसे पुढे करू नका, घेत नाहीत आणि अवघडतात. छोटी वस्तू द्या. मी खणाची शिवलेली पिशवी नेली होती. त्यांनी ती दोन्ही हातांनी घेतली, वरचा कागद न फाडता सोडवला, घडी घालून खिशात ठेवला आणि मग पिशवीवरून बोट फिरवलं.

घरी पोचलात की दोन दिवसांत गटाला आभाराचं पत्र पाठवा, फोटो आधी विचारून काढलेलाच जोडा. मला त्यांचं चार ओळींचं उत्तर आलं. शेवटच्या ओळीत विचारलं होतं, कापडावर विणलेली ती चाकांची आकृती कसली? मी लिहिलं, रथ आहे, देवाचा, आमच्याकडे जत्रेत ओढतात.