जड फ्रेम पिक्चर रेलला टांगताना या चुका टाळा

आमच्या हॉलमधला आजोबांचा फोटो एकदा रात्री दोन वाजता खाली आला. तो पिक्चर रेलला टांगला होता, म्हणजे भिंतीच्या माथ्यावर आडवी रेल बसवायची, तिच्यावरून तार सोडायची आणि तारेवरच्या हुकाला फ्रेम अडकवायची. सागवानी चौकट, जाड काच, मागे प्लायवुड. तार शाबूत होती, हुकही सरळ होता. अख्खी रेलच स्क्रूंसकट उखडून आली होती, कारण ती बसवली होती पीओपीच्या पट्टीवर. पीओपी शोभेपुरतं असतं, त्याच्यावर भार टाकायचा नसतो. रेल पांढरी, पट्टी पांढरी, त्यामुळे खाली उभं राहून कुणाच्या लक्षातही आलं नाही.

म्हणून रेल घेण्याआधी भिंत ओळखा. ड्रिलची भुकटी सगळं सांगते. लाल आली तर वीट. पांढरट भुसा आला आणि ड्रिल लोण्यात गेल्यासारखं शिरलं तर सिपोरेक्स, म्हणजे हलके, सच्छिद्र सिमेंटचे ब्लॉक. करडी पूड आली आणि मशीन अडखळायला लागलं तर काँक्रीट. बऱ्याच फ्लॅटमध्ये भिंतीच्या माथ्यावर बीम असतो आणि रेलही तिथेच बसते. बीममध्ये ड्रिलच्या हॅमर मोडवर भोक पाडून चांगली गिट्टी (स्क्रू धरून ठेवणारी प्लास्टिकची नळी) मारली, की पकडीची काळजी मिटते. सळई लागली तर जोर करू नका, इंचभर सरका. बीम भिंतीच्या पुढे आलेला असेल तर मात्र फ्रेम अधांतरी लोंबेल. तिथे बीमच्या पोटाला बसणारी छताची रेल घ्या.

सिपोरेक्समध्ये हॅमर बंद ठेवा, नाहीतर भोक मोठं होतं आणि साधी गिट्टी गोल फिरत बसते. त्या ब्लॉकसाठी वेगळी, लांब गिट्टी मिळते. आणि स्विचबोर्डाच्या सरळ वर कधीच भोक पाडू नका, वायरचा पाइप बहुतेक तिथूनच खाली येतो.

दुसरी चूक वजनाची. फ्रेम हातात घेऊन ‘पाचेक किलो असेल’ म्हणणारे बहुतेक चुकतात. काच दर चौरस मीटरला, जाडीच्या प्रत्येक मिलिमीटरमागे अडीच किलो भरते. 60 बाय 90 सेंटीमीटरच्या फ्रेमला 4 मिलिमीटरची काच असेल तर नुसती काचच 5.4 किलो, चौकट आणि प्लाय वेगळे. वजनकाट्यावर आधी एकटे उभे राहा, मग फ्रेम घेऊन, आणि वजाबाकी करा. रेल, तार आणि हुक या तिघांची ताकद वेगवेगळी लिहिलेली असते. त्यातली सगळ्यात कमी तीच तुमची मर्यादा.

सर्वांत फसवी चूक मात्र तारेची. फ्रेमच्या मागे दोन कड्यांत तार ताणून बांधायची आणि मधोमध एकाच हुकाला अडकवायची, ही आपली जुनी सवय. तार जितकी आडवी, तितका ताण जास्त. आडव्या रेषेशी 30 अंशांचा कोन असेल तर तारेच्या प्रत्येक बाजूवर फ्रेमच्या पूर्ण वजनाइतका ताण येतो. कोन 10 अंशांवर आला, की 10 किलोच्या फ्रेमसाठी तो जवळजवळ 29 किलो होतो! कड्या आतल्या बाजूला ओढल्या जातात, त्यांचे स्क्रू ढिले होतात. त्यापेक्षा रेलवरून दोन सरळ उभ्या तारा सोडा. प्रत्येकीवर निम्मंच वजन येतं. सुतळी, नायलॉनची दोरी नको. नायलॉन हळूहळू लांबतो.

फ्रेम वरून पुढे झुकते? कड्या खाली लागल्यात, थोड्या वर घ्या. रोज तिरकी होते? एका हुकाचा स्क्रू सैल होऊन तो तारेवर घसरतोय. दार आपटलं की खडखडते? खालच्या दोन कोपऱ्यांना रबराच्या टिकल्या चिकटवा. पावसाळ्यात ओल धरणाऱ्या भिंतीवरही त्या कामाला येतात, मागून हवा खेळते. मुंबई-कोकणात स्क्रू स्टेनलेस स्टीलचेच घ्या.

फ्रेम चढवण्याआधी त्याच तारांना बादली लटकवा. फ्रेम 8 किलोची असेल तर बादलीत 15 लिटर पाणी भरा, फरशीपासून चार बोटं वर ठेवा, खाली जुनी गादी टाका आणि रात्रभर राहू द्या. आमच्याकडे दुसऱ्या वेळी रेल बीमवर बसवली आणि ही बादली लावली, तेव्हा आई सकाळी म्हणाली, “आता आजोबांच्या जागी हिलाच हार घालायचा का?”