ग्रीक पुराणं वाचायचीत? देव नंतर, आधी घराणी पकडा

सुट्ट्या लागल्या की पोरं मोबाईलवर ग्रीक देवांचे गेम खेळतात आणि मग मोठ्यांना विचारत सुटतात, हा झ्यूस कोण, हर्क्युलीस त्याचा मुलगा का नातू, आणि आपण नेटवर शोधायला गेलो की समोर बारा देवांची यादी येते, कोण कशाचा देव, कोणाच्या हातात काय. ती यादी पाठ करू नका प्लीज. या गोष्टींमधे देव येतात, खोड्या काढतात आणि निघून जातात, निस्तरत बसतात ती माणसं, आणि त्यातली बहुतेक मोठी नावं चार-पाच घराण्यांतलीच आहेत. आता आम्हा ग्वाल्हेरवाल्यांना घराणं ही काय चीज असते ते वेगळं काय सांगायचं.

तर एक मोठा कागद घ्या, जुन्या कॅलेंडरची पाठ पण चालेल, आडवा धरा आणि वर पाच ठिकाणं लिहा, आर्गोस, मायसिनी, थीब्ज, क्रीट (हे बेट आहे), अथेन्स. आर्गोस आणि मायसिनी शेजारी शेजारीच लिहा, खरोखरही ती जवळजवळ आहेत आणि गोष्टीतही एकमेकांत मिसळतात.

सुरुवात आर्गोसपासून करा. तिथला राजा अक्रिसियस, त्याला भविष्य कळतं की मुलीचा मुलगा तुला मारणार, म्हणून तो मुलीला, डॅनाईला, कोंडून ठेवतो (हो हो, कंस आठवला ना, सगळ्यांनाच आठवतो, त्यावर पुढे बोलू). देवांचा राजा झ्यूस सोन्याच्या पावसाच्या रूपात आत शिरतो आणि पर्सियस जन्मतो, तोच केसांच्या जागी साप असलेल्या मेड्युसाचं मुंडकं कापणारा. मायसिनी त्यानेच वसवली म्हणतात. त्याची नात अल्कमीनी, आणि तिला पुन्हा झ्यूसपासूनच झालेला मुलगा म्हणजे हेराक्लीस, हर्क्युलीस हे त्याचं रोमन नाव. म्हणजे पोरांना सांगा, तो झ्यूसचा मुलगाही आहे आणि खापरपणतूही. झ्यूसची बायको हेरा, तिने जळफळाटाने त्याचा जन्म लांबवला आणि चुलत घरातल्या युरिस्थियसचा जन्म आधी घडवून आणला, म्हणून गादी त्याला मिळाली आणि हेराक्लीसला पुढे त्याच्याच हुकमाने बारा कामं करावी लागली. हा युरिस्थियस इतका भित्रा की हेराक्लीस रानडुक्कर जिवंत घेऊन आला तेव्हा हा रांजणात लपून बसला.

आता थीब्ज आणि क्रीट, आणि हे दोन्ही एकाच आईबापाच्या पोरांपासून निघतात हे कागदावर लिहिल्याशिवाय लक्षातच येत नाही. फिनिशियाची राजकन्या युरोपा, तिला झ्यूस बैल होऊन पळवतो आणि क्रीटला नेतो, तिथे तिचा मुलगा मिनॉस राजा होतो. तिकडे तिचा भाऊ कॅडमस तिला शोधत फिरतो, ती काही सापडत नाही, शेवटी डेल्फीची देववाणी सांगते, शोध सोड, एका गायीच्या मागे जा, ती बसेल तिथे गाव वसव. तेच थीब्ज. ईडिपस त्याच घराण्यातला, नकळत बापाला मारून आईशी लग्न करणारा.

हा कागद कामाला कसा येतो ते एका बैलावरून बघा. समुद्राचा देव पोसायडन, त्याने मिनॉसला समुद्रातून एक बैल दिला, बळी देण्यासाठी, मिनॉसला तो इतका आवडला की त्याने दुसराच बळी देऊन काम भागवलं, मग देव चिडला, मिनॉसच्या राणीला त्या बैलाचं वेड लावलं आणि त्यातून मिनोटॉर झाला, अर्धा माणूस अर्धा बैल. हाच बैल पुढे हेराक्लीस एक काम म्हणून पकडून मायसिनीला नेतो, तिथे सोडून दिल्यावर तो भटकत अथेन्सजवळच्या मॅराथॉनला पोचतो आणि तिथे त्याला अथेन्सचा राजपुत्र थीसियस आवरतो, आणि पुढे हाच थीसियस क्रीटला जाऊन मिनोटॉरला मारतो. बाण काढून बघा, तीन घराणी एका बैलाने बांधली गेलीत. जिथे जिथे देव टांग अडवतो तिथे लाल पेनने त्याचं नाव लिहीत चला, थोड्या दिवसांत देवही आपोआप पाठ होतात.

पिढ्या पण नीट लावा. ट्रॉयची लढाई सगळ्यात खाली, शेवटची पिढी. तिच्या एक ओळ वर सोनेरी लोकर आणायला निघालेल्या जेसनची आर्गो बोट, त्यात ट्रॉयच्या लढाईतला मोठा वीर अकिलीज, त्याचा बाप पेलियस होता. हेराक्लीस, थीसियस त्याच ओळीत.

लोक जिथे हमखास अडकतात ते म्हणजे आवृत्त्या. कुणी म्हणेल अकिलीजची टाच, कुणी म्हणेल लाकडी घोडा, आणि तुम्ही होमरचं ट्रॉयवरचं महाकाव्य इलियड उघडून शोधत बसाल. दोन्ही त्यात नाहीत. दहा वर्षांच्या लढाईतले शेवटच्या वर्षातले काही आठवडे फक्त त्यात आहेत आणि ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर, त्याच्या अंत्यविधीला ते संपतं. ईडिपसचंही तसंच, नाटकात तो खरं कळल्यावर स्वतःचे डोळे फोडून घेतो, पण होमरचा ईडिपस त्यानंतरही थीब्जवर राज्य करत राहतो. आपल्याकडे रामायणं किती आहेत, तसंच समजा आणि खरी आवृत्ती कुठली यावर भांडू नका.

आता तो कंस. जुळवाजुळव करायला मजा येते, करा, पण मोजकी, नाहीतर झ्यूस म्हणजे इंद्र म्हणून मोकळे होता आणि झ्यूसची गोष्ट राहूनच जाते. तसा हा खेळ ग्रीक लोकही खेळलेत, तेही आपल्या ग्वाल्हेरच्या दोन्ही बाजूंना. चंद्रगुप्त मौर्याच्या दरबारी आलेला ग्रीक राजदूत मेगॅस्थिनीस, त्याने लिहिलंय की शूरसेन लोक हेराक्लीसला भजतात आणि त्यांच्या शहराचं नाव त्याने दिलंय मेथोरा, म्हणजे मथुरा, त्यामुळे तो हेराक्लीस म्हणजे कृष्णच असं बरेच अभ्यासक धरतात. आणि भोपाळकडे जाताना विदिशाला उतरलात तर हेलिओडोरसचा खांब आहे, तक्षशिलेहून आलेल्या ग्रीक राजदूताने इसवीसनपूर्व दुसऱ्या शतकात वासुदेवासाठी उभारलेला गरुडध्वज. तिथले लोक त्याला खांबबाबा म्हणतात.

पोरांना सांगताना पर्सियस पहिला, मग थीसियस, मग बारा कामं, पण हेराक्लीसने वेडाच्या भरात स्वतःची मुलं मारली हा भाग लहानांना गाळा. ईडिपस दहावीनंतर. मायसिनीचं दुसरं घराणं, म्हणजे युरिस्थियस मेल्यावर त्याचा मामा एट्रियस गादीवर येतो ते, मोठ्यांसाठी सगळ्यात भारी आहे, आजोबा टँटलस स्वतःच्या मुलाला शिजवून देवांना वाढतो, नातू एट्रियस सख्ख्या भावाला त्याचीच पोरं खाऊ घालतो, त्याचा मुलगा अगमेम्नॉन ट्रॉयला निघालेली जहाजं अडली म्हणून वाऱ्यासाठी मुलीचा बळी देतो, बायको त्याला मारते, मुलगा आईला मारतो आणि शेवटी अथेन्सच्या कोर्टात खटला चालतो. फक्त ही जेवायला बसल्यावर काढू नका.