चा-ची-चे आणि दोन आय: माणसांच्या नावाची लॅटिन जातिनामं वाचायची कशी, घडवायची कशी

तीस वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवलं, पण माझी सर्वांत लाजिरवाणी चूक लाल शाईत आहे. जुन्नरच्या सहलीत पोरांनी कंदीलपुष्पांचे फोटो काढले होते. (फोटोच. या झाडांचे कंद उपटणाऱ्याला मी सहलीला नेत नाही.) एका विद्यार्थिनीने तक्त्यावर फोटोखाली ‘सेरोपेजिया रोले’ लिहिलं, रोमन लिपीत शेवटी ए-ई. हे नाव भारतीय वनस्पती सर्वेक्षणातले रोल्ला शेषगिरी राव यांच्यावरून ठेवलंय, म्हणजे पुरुषाच्या नावावरून, हे मला ठाऊक होतं. ए-ई तर बायकांच्या नावाला लागतं! मी झोकात ते खोडलं आणि आय लिहिला. दुसऱ्या दिवशी पोरगी वनस्पतींच्या नामकरणाची नियमावली घेऊनच आली. ‘सर, शेवटचं अक्षर बघा ना.’

तेव्हापासून नव्या पोरांना मी हा धडा कंदीलपुष्पावरच शिकवतो. सेरोपेजिया ही एकच प्रजाती सह्याद्रीत इतक्या माणसांची नावं अंगावर वागवते की वेगळं पाठ्यपुस्तक लागत नाही. (प्रजाती म्हणजे पहिलं नाव, जाती म्हणजे दुसरं. वर्तमानपत्रं बरोबर उलटं लिहितात, तिकडे लक्ष देऊ नका.) देवनागरीत लिहिताना माझी एक सोय: शेवटी एकच आय असेल तर मी ‘ई’ लिहितो, दोन असतील तर ‘इई’, आणि ए-ई ही जोडी ‘ए’. पण अक्षराचं नाव म्हणून नुसतं ए म्हटलं तर रोमन a, ई म्हटलं तर e आणि आय म्हटलं तर i.

आधी हे डोक्यात बसवा की ही सगळी षष्ठी विभक्ती आहे. सेरोपेजिया लॉइई म्हणजे लॉचं कंदीलपुष्प. मराठीत चा-ची-चे वस्तूकडे बघून बदलतात: लॉचा वेल, लॉची वेली, लॉचं फूल. लॅटिनची षष्ठी मात्र मालकाकडे बघते. मालक पुरुष की स्त्री, एक की अनेक, एवढंच ती विचारते. झाडाशी तिला घेणंदेणं नाही. हा फरक कळला की निम्मं काम झालं.

मग आडनाव रोमन लिपीत लिहा आणि शेवटच्या अक्षरावर बोट ठेवा. उच्चारावर जाऊ नका, स्पेलिंगवर जा.

व्यंजन असेल तर वनस्पतींत पुरुषाला दोन आय. मुंबई इलाख्यातले मुलकी अधिकारी जॉन सदरलँड लॉ यांचं स्पेलिंग डब्ल्यूवर संपतं, म्हणून हरिश्चंद्रगडावरचं ते लॉइई. चार्ल्स मॅक्कॅन यांचं मॅक्कॅनिई, एस. के. जैन यांचं जैनिई. स्त्री असेल तर आय-ए-ई: सेरोपेजिया नूरजहानिए.

स्वर असेल तर एकच आय चिकटवा. पुण्याचे त्र्यं. शं. महाबळे यांचं स्पेलिंग ईवर संपतं, म्हणून महाबलेई. फादर सांतापाऊंचं यूवर, म्हणून सांतापाऊई. वाय हा इथे स्वरातच धरायचा. पावसाळ्यात महाबळेश्वरला पांढरा फणा काढून उभा असतो तो सापकांदा, अरिसेमा मरेई, त्यातल्या मरेला म्हणून एकच आय.

व्यंजनांत एक अपवाद आहे आणि परीक्षेत हमखास तोच येतो. नाव ई-आरवर संपत असेल तर ते स्वरासारखं वागतं. हर्बर्ट हुबर या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाचं सेरोपेजिया हुबेरी, एकच आय. पण हे फक्त ई-आरला. आपले कानिटकर, केळकर, तेंडुलकर ए-आरवाले, त्यांना दोन आय द्यावेच लागतात.

राहिलं ते माझ्या लाल शाईचं प्रकरण. नाव ए या अक्षरावर संपत असेल तर नुसता ई जोडायचा, माणूस पुरुष असो की स्त्री. लॅटिनमध्ये ए-कारान्त नामं बहुतेक स्त्रीलिंगी चालतात आणि रोल्लासुद्धा त्याच रांगेत जाऊन बसतो. सड्यांवर उगवणारं क्लोरोफायटम भरुचे हेही तसंच. एफ. आर. भरुचा मुंबईतले परिसरशास्त्रज्ञ, चांगले पुरुष. उलट कासच्या पठारावर दिसणारी दीपकाडी, दिपकादी उर्सुले, ही खरोखर उर्सुला नावाच्या बाईची. शेवट सारखाच. म्हणून ए-ई बघून मालक बाई की बुवा हे सांगता येत नाही, ते मूळ लेखात बघावं लागतं. तीस वर्षं शिकवूनही मी ते बघितलं नव्हतं.

आता दुसरी तऱ्हा. माणसाच्या नावाचं विशेषणही करता येतं, आणि इथे लॅटिन अगदी मराठीसारखी वागते. विशेषण प्रजातीच्या लिंगाप्रमाणे बदलतं: आनुस, आना, आनुम. चा, ची, चे! कासवरची टूथब्रशसारखी आमरी हाबेनारिया हेनेआना, बेंजामिन हेने यांच्या नावाची. हाबेनारिया स्त्रीलिंगी म्हणून ‘आना’. तोच आपला लॉ डेंड्रोबियममध्ये गेला की लॉवियानुम होतो, कारण डेंड्रोबियम नपुंसकलिंगी. व्यंजनान्त नावाला मध्ये एक आय घुसतो तेवढा लक्षात ठेवा. मात्र बोरिविलियानुम दिसलं की बोरिविली नावाचा साहेब शोधत बसू नका. सफेद मुसळीचं ते नाव आपल्या बोरिवलीवरून आलंय. आणि आंब्यावरच्या पिठ्या ढेकणाचं नाव द्रोसिका मांजिफेरे. मांजिफेरा ही कोणी बाई नव्हे, ते आंब्याचं झाड, आणि कीड त्याची.

प्राण्यांकडे वळलात की पाटी थोडी पुसा. तिथली नियमावली वेगळी आणि सोपी: पुरुषाला आय, स्त्रीला ए-ई, अनेकांना ओरुम किंवा आरुम. व्यंजन आहे म्हणून जादा आय लावायची सक्ती नाही. ठाणे-कल्याण भागात सापडलेल्या उडी मारणाऱ्या कोळ्याला 2021 साली हुतात्मा तुकाराम ओंबळे यांचं नाव मिळालं, इसियस तुकारामी, एकच आय. हेच एखादं रोपटं असतं तर तुकारामिई लिहावं लागलं असतं. मग बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या फिप्सनच्या नावाचा सह्याद्रीतला तो जमिनीत राहणारा साप, उरोपेल्टिस फिप्सनिई, त्याला दोन आय कसे? 1888 साली नाव देणाऱ्याने तसं लिहिलं म्हणून. प्राण्यांत मूळ स्पेलिंगला हात लावायचा नाही. घोणसही त्यातलीच: ज्याच्या नावाने ती रसेल व्हायपर, त्याच्या आडनावात आपण दोन एल लिहितो, पण दाबोइया रसेलिई या नावात एकच. तो दुसरा एल हौसेने घालणारे पुष्कळ भेटतात. सलीम अलींच्या वटवाघळातले, लॅटिडेन्स सलीमअलिईमधले, दोन आय मात्र वेगळ्या कारणाने आहेत. पहिला अलींचा स्वतःचा, दुसरा षष्ठीचा.

प्रत्यय न लावता नाव नुसतं ठेवण्याचीही सोय आहे. मारेंगो सचिनतेंडुलकर हा कोळी 2019चा, त्याला शेपूट नाही. नियमाला चालतं. माझ्या कानाला ते स्टेडियमवरच्या पाटीसारखं वाटतं, पण तो माझ्या कानाचा दोष.

वाचताना आणखी एक घोळ होतो. जातिनामानंतर जे आडनाव येतं ते नाव देणाऱ्याचं असतं. सेरोपेजिया मॅक्कॅनिई अन्सारी यात सन्मान मॅक्कॅनचा, नाव दिलं अन्सारींनी. सेरोपेजिया एव्हान्सिई मॅक्कॅन यात नाव देणारा मॅक्कॅन आणि सन्मान इव्हान्सचा. कंसात आडनाव असेल तर त्याने ती जाती आधी वेगळ्या प्रजातीत घातली होती. सापकांद्याच्या नावात ग्रॅहम कंसात आहे, कारण त्याने तो आरुम नावाच्या प्रजातीत नोंदवला आणि हुकरने पुढे अरिसेमात आणला.

आता स्वतः नाव द्यायचं असेल तर. जाती खरोखर नवी आहे हे सिद्ध करण्यात वर्षं जातात, तो भाग तुमच्या मार्गदर्शकाकडे सोपवतो. नावापुरतं बोलतो. वनस्पतींसाठी आयपीएनआय या वनस्पतिनावांच्या आंतरराष्ट्रीय यादीत बघा की त्या प्रजातीत ते नाव आधी कोणी वापरलंय का. वापरलं असेल तर संपलं, दुसरं शोधा. सन्मान ज्याचा करायचा तो हयात असेल तर विचारा. मी एका ज्येष्ठांना विचारलं तेव्हा ते म्हणाले, ‘काटेरी असेल तर नको, घरचे हसतील.’ स्वतःचं नाव स्वतःच्या जातीला देणं नियमाने अडत नाही, पण तसं करणाऱ्याला चहाला कोणी बोलवत नाही. वर्णन लॅटिनमध्येच हवं ही वनस्पतींतली जुनी अट 2012पासून गेली, इंग्रजीही चालतं. टाइप नमुना, म्हणजे नाव ज्याला बांधलेलं असतं तो मूळ नमुना, कोणत्या संग्रहात ठेवलाय ते लिहाच, नाहीतर नाव बाद. प्राण्यांचा लेख नुसता ऑनलाइन निघणार असेल तर झूबँक या प्राणिनावांच्या ऑनलाइन नोंदवहीत नोंद हवी. आणि जातिनामाचं पहिलं अक्षर लहान, माणूस कितीही मोठा असला तरी.

माणूस निवडताना घाई नको, कारण नाव परत घेता येत नाही. स्लोव्हेनियाच्या गुहांतल्या एका आंधळ्या भुंगेऱ्याला 1937 साली हिटलरचं नाव दिलं गेलं. बिचारा किडा ते अजून वागवतोय. वनस्पतिवाल्यांनी 2024च्या माद्रिद परिषदेत थोडी वाट काढली: 2026पासून प्रसिद्ध होणारी अपमानकारक नावं नाकारता येतील. आपल्याकडच्या साहेबांचं काय, असं पोरं विचारतात. शिवनेरीवरची शिंदळ माकुडी घ्या. डाल्झेलने गव्हर्नर बार्टल फ्रिअरच्या नावाने अख्खी प्रजातीच काढली, फ्रेरेया इंडिका. पुढे ती कारालुमात विलीन झाली. तिथे इंडिका हे नाव आधीच अडकलेलं, म्हणून झाली कारालुमा फ्रेरेई. गव्हर्नरसाहेब पहिल्या नावातून दुसऱ्यात उतरले, पण गेले नाहीत. मला ती नावं पुसायची नाहीत, त्यांत कोण कुठे फिरला याचा पत्ता असतो. पण गडावर वाट दाखवणाऱ्या, कुठल्या कड्यावर काय फुलतं हे सांगणाऱ्या गावकऱ्याच्या नावाने किती जाती आहेत, हे मी यादी बघताना मोजतो. बोटं पुरतात.

सरावासाठी तुमचंच आडनाव घ्या, झाड समजून. पाटील: पुरुषाला पाटिलिई, बाईला पाटिलिए, जोडप्याला पाटिलिओरुम. देशपांडे: देशपांडेई, देशपांडेए, देशपांडेओरुम. कुलकर्णी: कुलकर्णिई, यातला एक आय कुलकर्ण्यांच्या घरचाच.

आमच्या सोसायटीतल्या वैद्यांनी हे सगळं ऐकून स्वतःचं विचारलं. स्पेलिंग ए-वर संपतं, म्हणून त्यांचं वैद्ये. ‘आणि माझं?’ वहिनींनी विचारलं. तुमचंही वैद्येच. ‘म्हणजे कोणाच्या नावाने ठेवलं ते कळणारच नाही?’ म्हटलं, वहिनी, त्यासाठीच लेखात व्युत्पत्तीचा परिच्छेद असतो. माणूस कोण, काय केलं, हे तिथे दोन ओळींत लिहायचं, आणि बाई असेल तर बाई हे उघड लिहायचं. वैद्य म्हणाले, त्यापेक्षा दोघांच्या नावाने ठेवा. ए-कारान्त नावाचं अनेकवचन करताना आर-यू-एम जोडतात, म्हणून ते होतं वैद्यारुम. वैद्य खूश. वहिनी म्हणाल्या, ‘शेवटी रम आणलीच का?’