सोडियम कमी आलंय? मिठाचा डबा उघडायच्या आधी हे वाचा

मे महिन्यातली गोष्ट सांगते, इंदूरात तेव्हा पारा 42 च्या वर होता आणि राजेंद्र नगरला राहणारी आमची आई, वय 76, तीन दिवस म्हणत होती की डोकं जड आहे, मळमळतंय, घबराहट होतेय, जेवण नको. सगळ्यांचं एकच, ऊन लागलंय, पाणी पाजा. मग आम्ही पाजलं, माठातलं पाणी, नारळपाणी, सरबत तेही बिनमिठाचं कारण बीपी आहे ना. चौथ्या दिवशी सकाळी ती मला मावशीच्या नावाने हाका मारायला लागली आणि बाथरूमकडे जाताना तोल जाऊन दाराला धडकली. शेजारच्या काकू म्हणाल्या, वय झालं गं आता, असं व्हायचंच. दुपारी रक्ताचा रिपोर्ट आला, सोडियम 117.

नॉर्मल असतं 135 ते 145. 130 ते 134 म्हणजे थोडं कमी, 125 ते 129 मध्यम, आणि 125 च्या खाली गेलं की गंभीर. पण नुसत्या आकड्यावर जाऊ नका, किती वेगाने उतरलं ते जास्त महत्त्वाचं असतं. महिनाभर हळूहळू 122 ला आलेला माणूस चालतबोलत असतो आणि एका दिवसात 122 ला आलेल्याला फिट येऊ शकते.

आता मुख्य गोष्ट, जी आम्हाला कोणी आधी सांगितली असती तर बरं झालं असतं. सोडियम कमी म्हणजे पोटात मीठ कमी गेलं असं बहुतेक वेळा नसतं, रक्तात मिठाच्या मानाने पाणी जास्त झालेलं असतं. वरणात चमचाभर मीठ होतं आणि तुम्ही दोन तांबे पाणी ओतलं तर वरण अळणी लागेल ना, मीठ तेवढंच आहे तरी. हे जास्तीचं पाणी मग मेंदूच्या पेशींत शिरतं, त्या फुगतात, आणि कवटी काही पसरत नाही, म्हणून डोकेदुखी, उलटी, गोंधळ, झोपाळूपणा, शेवटी फिट आणि बेशुद्धी. पायात गोळे येतात, तोल जातो. थोडंसंच कमी असेल तर म्हाताऱ्या माणसात कधीकधी बाकी काही दिसत नाही, फक्त पडणं वाढतं, आणि या वयात पडणं म्हणजे खुब्याचं हाड.

म्हणून घरातलं वयस्कर माणूस दोन दिवसात अचानक वेगळं वागायला लागलं, असंबद्ध बोलायला लागलं, तर वय झालं म्हणून सोडू नका, त्याच दिवशी सीरम इलेक्ट्रोलाइट्सची टेस्ट करा, त्यात सोडियम-पोटॅशियम दोन्ही येतं, सोबत शुगर आणि क्रिएटिनिन, म्हणजे किडनीची टेस्ट. शुगर मुद्दाम सांगतेय, कारण ती 500 असेल तर सोडियम 6-7 ने कमी दिसतं आणि शुगर उतरली की आपोआप वर येतं. आणि फिट आली, सारखी उलटी होतेय, हाक मारली तरी नीट जागं होत नाही, असं असेल तर लॅबवाल्याची वाट बघू नका, 108 लावा आणि आयसीयू असलेल्या हॉस्पिटलात न्या. गुंगीतल्या माणसाच्या तोंडात मिठाचं पाणी घालू नका, ते फुप्फुसात जातं.

जाताना गोळ्यांची सगळी पाकिटं पिशवीत टाकून न्या, यादी नको, पाकिटंच न्या. आमच्याकडे चोर तिथेच सापडला. बीपीच्या गोळीच्या नावापुढे बारीक अक्षरात एच लिहिलं होतं, म्हणजे त्यात हायड्रोक्लोरोथायझाइड होतं, लघवी वाढवणारं औषध. क्लोरथॅलिडोन, इंडापामाइड हेही त्याच, म्हणजे थायझाइड घराण्यातले. गोळ्या वाईट नाहीत, लाखो लोकांना चालतात, पण वयस्कर आणि बारीक अंगाच्या बायकांमध्ये सोडियम पाडतात, जास्त करून सुरू केल्यावर पहिल्या काही आठवड्यांत. डिप्रेशनच्या एस्सिटालोप्राम, सर्ट्रालिनने होतं, फिटच्या कार्बामाझेपिन, ऑक्सकार्बाझेपिननेही होतं. पण कुठलीच गोळी स्वतःच्या मनाने बंद करू नका, फिटची तर अजिबात नाही, त्याच दिवशी डॉक्टरांना फोन करा.

बाकी कारणं म्हणजे जुलाब-उलट्या, हार्ट किंवा लिव्हर किंवा किडनीचा आजार, न्यूमोनिया, थायरॉइड खूप कमी असणं, कॉर्टिसोल नावाचं हार्मोन कमी असणं. आणि एक, ज्याकडे कोणी बघत नाही, चहा-टोस्टवर जगणं. आईने बीपी म्हणून शेव, लोणचं, पापड सगळं सोडलं होतं (इंदूरात राहून पोहे बिनशेवेचे, विचार करा) आणि दात दुखतात म्हणून डाळ-उसळही. किडनीला पाणी बाहेर टाकायला मीठ आणि प्रोटीनमधून तयार होणारा युरिया लागतो, ते दोन्ही नाही आणि वरून चार लिटर पाणी, मग ते पाणी जाणार कुठे.

उपचार कारणावर ठरतो आणि म्हणूनच घरी करायचा नसतो. जुलाब-उलट्यांनी अंगातलं पाणी आणि मीठ दोन्ही गेलं असेल तर सलाइन किंवा ओआरएस द्यावं लागतं, आणि हार्ट-लिव्हरवाल्याला किंवा शरीर पाणी धरून ठेवतंय त्याला पाणी कमी करावं लागतं, एकदम उलट. कोणतं आहे ते कळायला लघवीतलं सोडियम आणि ऑस्मोलॅलिटी, म्हणजे लघवी किती घट्ट आहे ते, बघतात. फिट किंवा बेशुद्धी असेल तर 3 टक्क्यांचं सलाइन, 100-150 एमएल, 10-20 मिनिटांत देतात, आणि सुरुवातीला 4 ते 6 पॉइंट वाढले तरी मेंदूची सूज उतरायला पुरतं.

त्यानंतर मात्र हळू. आम्ही दुसऱ्या दिवशी डॉक्टरांशी वाद घातला की अजून 124 च का, ड्रिप जोरात सोडा ना. त्यांनी शांतपणे समजावलं की मेंदूने इतक्या दिवसांत कमी सोडियमची सवय करून घेतलेली असते, झपकन वाढवलं तर नसांवरचं आवरण खराब होतं, आणि दोन-चार दिवसांनी बोलणं, गिळणं, हातपाय जातात, कधीकधी कायमचे. म्हणून 24 तासांत 8, फार तर 10 पॉइंट, आणि दर चार-सहा तासांनी रक्ताची तपासणी. आईचे हात सुयांनी निळे झाले होते, बघवत नव्हतं, पण आता कळतं की ते करणारेच डॉक्टर बरोबर होते.

घरी आल्यावर पाणी मोजायला सांगतात, बहुतेकदा दिवसाला 1 लिटरच्या आसपास, तुमचा आकडा डॉक्टरच सांगतील. आम्ही सकाळी लिटरची बाटली भरून ठेवायचो, ती चहा प्यायली, ताक प्यायली, की तेवढंच पाणी बाटलीतून कुंडीत ओतायचं, बाटली संपली की दिवसाचं संपलं. तोंड सुकलं तर चूळ भरायची, वेलदोडा चघळायचा. नारळपाणी बंद, त्यात सोडियम कमीच असतं आणि पोटॅशियम भरपूर. लो सोडियम मीठ बीपी किंवा किडनीवाल्यांनी न विचारता आणू नका, त्यात पोटॅशियम असतं. सेंधा नमकही शेवटी मीठच. ओआरएस सांगितलं असेल तर लिटरचं पाकीट पूर्ण लिटरमध्येच कालवायचं, अर्धं पाकीट ग्लासात नाही, आणि टेट्रापॅकमधली गोड पेयं म्हणजे ओआरएस नाही.

आईची एचवाली गोळी बदलली, वाटीभर मूगडाळ रोज जाते, दुसऱ्या आठवड्यात सोडियम 136 आलं. तिच्या फाइलच्या पहिल्या पानावर मी लाल पेनाने लिहून ठेवलंय, थायझाइड देऊ नका, आणि नवीन डॉक्टर दिसला की आधी तेच पान उघडते. पुढची टेस्ट सोमवारी आहे.