घरी पाळणाघर सुरू करायचंय? आधी घर बघा, मग कागद

काजूच्या कारखान्यात जाणाऱ्या दोघीजणी माझ्याकडे पोरं ठेवायला लागल्या तेव्हा मला वाटलेलं, ग्रामपंचायतीत गेलं की पाळणाघराचं लायसन मिळेल आणि झालं काम. तसं नाही हो. दोन-तीन ठिकाणचे कागद जमवायला लागतात, आणि त्याच्याही आधी घर तयार करायला लागतं, म्हणून त्याच क्रमाने सांगते.

आधी खाली बसा. खरंच, जमिनीवर रांगत ओटीपासून मागील दारापर्यंत जा. मी गेले तेव्हा दिसलं की मागच्या दाराखाली दोन बोटं फट आहे, पावसात तिथून बेडूक आत येतो, आणि बेडूक येतो तिथून फुरसं, म्हणजे विषारी सापही येणार, तेव्हा त्याच दिवशी खाली रबरी पट्टी ठोकून घेतली. विहिरीला कठडा असला तरी वर लोखंडी जाळी पाहिजेच. न्हाणीघरात भरलेली बादली ठेवू नका, एवढ्याशा पाण्यातही बाळ बुडतं. पागोळ्यांखालचं शेवाळ पावसाळाभर घासत राहायचं. जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्राचा नंबर भिंतीवर मोठ्या अक्षरात लिहून ठेवा.

मग मुलं किती घ्यायची ते ठरवा. २०१७ पासून ५० किंवा जास्त कामगार असलेल्या ठिकाणी पाळणाघर ठेवणं कायद्याने बंधनकारक आहे, आणि त्यासाठी केंद्र सरकारने २०१८ साली सूचना काढल्या, त्यात एका मुलामागे १० ते १२ चौरस फूट जागा धरलीय आणि तीन वर्षांखालच्या १० मुलांमागे एक प्रशिक्षित बाई नि मदतनीस. घरगुतीला पण जागेचं हेच माप धरा, मुलं मात्र त्याहून कमी घ्या. दहा रांगती पोरं म्हणजे एकीचा डोळा पुरत नाही, मी एकटी असते तेव्हा चारच्या वर घेत नाही.

आता कागद. ग्रामपंचायत किंवा नगरपरिषदेचा ना हरकत दाखला, भाड्याचं घर असेल तर मालकाची लेखी संमती. शॉप अ‍ॅक्टखाली (दुकानं नि आस्थापनांचा कायदा) थोडेच कामगार असतील तर पूर्ण रजिस्ट्रेशन नाही, फक्त ऑनलाइन सूचना द्यायची, महा ई-सेवा केंद्रात करून देतात. जेवण तुम्ही शिजवून देणार असाल तर अन्न सुरक्षेचं (एफएसएसएआय) रजिस्ट्रेशन काढा. कोणी सांगेल बालगृहाची नोंदणी लागते, पण ती निराधार मुलांना राहायला ठेवणाऱ्या संस्थांची, दिवसभराच्या पाळणाघराची नव्हे.

पोलिसांकडून चारित्र्य पडताळणी मदतनीस बाईची तर कराच, घरात वावरणाऱ्या प्रत्येक मोठ्या माणसाचीही करा. २०१६ मध्ये खारघरच्या एका पाळणाघरात दहा महिन्यांच्या बाळाला मारहाण झाली, ती सीसीटीव्हीत दिसली, तेव्हापासून आई-बाप हे विचारतात आणि त्यांनी विचारलंच पाहिजे. मुलावर लैंगिक अत्याचाराचा संशय जरी आला तरी पोक्सो कायद्याखाली पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे, गप्प बसणं हाच गुन्हा. १०९८ ही मुलांची हेल्पलाइन, तीही भिंतीवर लिहा.

शेवटचं, एक वही घाला. प्रत्येक मुलाचं लसीकरण कार्ड, अ‍ॅलर्जी, आणि न्यायला कोण येणार त्यांची नावं नि फोटो. एकदा एका पोरीचा मामा आला, पोरगी धावत त्याच्या गळ्यात पडली, तरी नाव वहीत नव्हतं म्हणून त्याला पडवीत बसवला, चहा दिला आणि तिच्या आईला फोन लागेपर्यंत पोरीला माझ्याच कडेवर ठेवली.