काल्पनिक विश्वातील ठिकाणांना धोक्याची श्रेणी देताना या चुका टाळा

कल्पनारम्य कादंबरी लिहिणारे किंवा भूमिका-खेळासाठी (रोल-प्लेइंग गेम) विश्व रचणारे अनेक जण नकाशा तयार झाला की त्यातील दऱ्या, भुयारे आणि शापित अरण्ये यांना 1 ते 10 असे आकडे देऊन मोकळे होतात. पुढे नायक नऊच्या अरण्यातून ओरखडाही न उमटता बाहेर येतो, चारच्या ओढ्यात मात्र दोघे वाहून जातात, आणि वाचकाचा त्या आकड्यांवरचा विश्वास उडतो. अशा वेळी प्रसंग बदलण्याआधी श्रेणीची घडण तपासावी.

आकड्यावरून काय करायचे, हेच न ठरवणे

कृष्णेला पूर आला की सांगलीत माणसे एकमेकांना ‘आयर्विनला किती फूट?’ एवढेच विचारतात. आयर्विन पुलाजवळ 40 फूट ही इशारा पातळी आणि 45 फूट ही धोका पातळी मानली जाते; ऑगस्ट 2019 च्या महापुरात पाणी 57 फुटांवर गेले होते. या आकड्यामागे मोजण्याची एक ठरलेली जागा आहे, सगळ्यांना कळणारे माप आहे आणि कोणत्या पातळीला काय करायचे याची समज आहे. म्हणून तो कानावर पडताच कोणी धान्याची पोती माडीवर चढवतो, तर कोणी गोठ्यातील जनावरे सोडून उंचावर नेतो. आपल्या विश्वात ‘श्रेणी सात’ हे शब्द ऐकून व्यापारी मार्ग बदलत नसेल, वाटाड्या जास्त मजुरी मागत नसेल आणि वेशीवरचा पहारेकरी कोणालाच अडवत नसेल, तर ती श्रेणी केवळ परिशिष्टाची शोभा ठरते. प्रत्येक पायरीपुढे ‘भयंकर’, ‘अतिभयंकर’ अशी विशेषणे लिहिण्याऐवजी त्या विश्वातील माणसे तिथे काय करतात हे एका वाक्यात लिहावे. माझ्या मते ही एकच दुरुस्ती निम्मे काम करते.

धोका कोणाला, हे सोडून देणे

आयर्विनजवळचे पाणी इशारा पातळीला पोहोचण्याआधीच सूर्यवंशी प्लॉट, दत्तनगर अशा सखल भागांत शिरू लागते, आणि उंचावरच्या वस्त्यांत त्या वेळी रोजचे व्यवहार चालू असतात. आकडा एकच असला तरी त्याचा अर्थ घराघरांत बदलतो. विषारी धुके माणसाचा तासाभरात जीव घेत असेल, पण श्वासाची गरजच नसलेल्या पाषाणमानवाला त्याचे काहीच वाटणार नाही. म्हणून श्रेणी कोणाला धरून ठरवली आहे हे आधी पक्के करावे. शस्त्र नसलेला, वाट माहीत नसलेला धडधाकट प्रौढ माणूस हा आधार सहसा पुरतो. ऋतूचेही तसेच आहे. वासोटा किल्ल्यावर हिवाळ्यात बामणोलीहून लाँचने शिवसागर जलाशय ओलांडून, जंगलातून चढून त्याच दिवशी परतता येते; पावसाळ्यात ती वाट बंद असते.

सामर्थ्य आणि परिणाम एकाच आकड्यात कोंबणे

ही चूक सर्वांत जास्त आढळते आणि सर्वांत उशिरा लक्षात येते. भूकंपशास्त्रात दोन मापे वेगळी ठेवलेली आहेत: भूकंप मुळात केवढा होता याचे एक, आणि एखाद्या ठिकाणी त्याने काय घडवले याचे दुसरे. 11 डिसेंबर 1967 च्या कोयना भूकंपाचे पहिले माप कुठूनही पाहिले तरी तेच. दुसरे मात्र घरे कोसळलेल्या कोयनानगरात मोठे आणि दूरच्या, केवळ भांडी वाजलेल्या गावात लहान. डोहातील दैत्य शंभर वर्षांतून एकदाच जागा होत असेल, तर त्याच्या सामर्थ्यावरून डोहाला दहा देणे चूक आहे, कारण काठावरची बाई तिथे रोज धुणे धुते. म्हणून संकट येण्याची शक्यता आणि ते आल्यास होणारा परिणाम यांचे दोन आकडे ठेवावेत. गावकरी पहिला पाहतात आणि राजा दुसरा पाहतो, हा संघर्ष कथेला आपोआप मिळतो.

पायऱ्यांमधील अंतर न ठरवणे

सहा आणि सात यांत नेमका किती फरक आहे, हे लेखकाला माहीत असलेच पाहिजे. भूकंप मुळात केवढा होता याच्या मापात एका अंकाची वाढ म्हणजे सुमारे 32 पट ऊर्जा. असे गुणोत्तर ठरलेले नसले की प्रत्येक नवे संकट आधीच्यापेक्षा मोठे दाखवण्याच्या नादात दहाच्या पुढे अकरा आणि बारा उगवतात. वरची पायरी सुरुवातीला रिकामी ठेवावी.

बळी सर्वांत वरच्या पायरीवर दाखवणे

युरोपात हिमस्खलनाच्या धोक्यासाठी पाच पायऱ्यांची पद्धत आहे, आणि तिथे सर्वाधिक मृत्यू बहुधा तिसऱ्या पायरीच्या दिवशी होतात, कारण पाचव्या पायरीला माणसे डोंगरात जातच नाहीत. आपल्या विश्वातही हाडांचे ढीग मधल्या श्रेणीच्या वाटांवर दिसायला हवेत. याच्याशीच जोडलेला प्रश्न म्हणजे श्रेणी ठरवली कोणी. जिवंत परतलेल्यांच्या सांगण्यावरूनच ती ठरत असेल, तर जिथून कोणीच परतले नाही त्या गुहेची नोंद ‘माहिती नाही’ अशीच राहील, आणि एखादा नवखा ती नोंद ‘धोका नाही’ अशी वाचील.

पहिला भाग प्रसिद्ध झाल्यानंतर विसंगती सापडली, तर जुना आकडा गुपचूप बदलू नये. त्या विश्वातच फेरमोजणी घडवावी, तिचे कारण द्यावे, उदाहरणार्थ नदीने पात्र बदलले किंवा जुना मोजणीदार लाच खात होता, आणि दूरच्या एखाद्या नाक्यावर जुनीच पाटी राहू द्यावी. पुढच्या भागातील तांडा तीच पाटी वाचून दरीत उतरू शकतो.